बर्ड्सव्हिल: लांबच्या पाण्यावर तगलेलं गाव

ऑस्ट्रेलियातल्या क्वीन्सलँड राज्याच्या नैर्ऋत्य कोपऱ्यात डायमंटिना नावाचा शायर आहे. आपल्याकडे जिल्हा परिषदेची हद्द असते तशी ही तिथल्या स्थानिक कारभाराची हद्द. क्षेत्रफळ सुमारे 95 हजार चौरस किलोमीटर, म्हणजे विदर्भाच्या अकरा जिल्ह्यांपेक्षा किंचित कमी. 2021 च्या जनगणनेत या सगळ्या मुलखात मिळून 266 माणसं भरली. त्यातली 110 बर्ड्सव्हिल या एका गावातली. राज्याची राजधानी ब्रिस्बेन इथून रस्त्यानं सुमारे 1,600 किलोमीटर, उत्तरेला माउंट आयझा हे खाणींचं शहर 700 किलोमीटर आणि दक्षिणेला मारी हे छोटं गाव 517 किलोमीटर. दहा-बारा किलोमीटरवर दक्षिण ऑस्ट्रेलिया राज्याची हद्द लागते आणि तिथं घड्याळाचा काटा अर्ध्या तासानं सरकवावा लागतो. पश्चिमेला सिम्प्सन वाळवंट, दक्षिणेला स्टर्टचं दगडी वाळवंट.

अशा गावाला शाळा आहे, दवाखाना आहे, पोलीस ठाणं आहे, धावपट्टी आहे, आणि ठरलेल्या दिवशी येणारं विमानही आहे. एवढ्या थोड्या माणसांसाठी एवढा खर्च कशाला, हा प्रश्न ऑस्ट्रेलियातही विचारला जातो. तो रास्त आहे. पण दर माणशी खर्चाचा आकडा मांडून त्याचं उत्तर मिळत नाही. हा मुलूख कशावर उभा आहे, तिथं कोण राहत आलं, कोणी राबून तो चालवला आणि आज त्याला धोका कशाचा आहे, हे सगळं एकत्र पाहावं लागतं.

सुरुवात पाण्यापासूनच करायला हवी. बर्ड्सव्हिलला वर्षाकाठी सरासरी 165 मिलिमीटरच्या आसपास पाऊस पडतो, आणि ही सरासरीही फसवी, कारण कित्येक वर्षं तेवढाही पडत नाही. 24 डिसेंबर 1972 ला इथं 49.5 अंश सेल्सिअस तापमान नोंदलं गेलं. क्वीन्सलँडमधला हा उच्चांक. आणि तरीही हे गाव नदीकाठी वसलेलं आहे. डायमंटिना नदी उगम पावते ती शेकडो किलोमीटर उत्तरेला, विंटन गावाच्या वायव्येकडच्या डोंगरांत. उत्तर ऑस्ट्रेलियात जानेवारी ते मार्चमध्ये मोसमी पाऊस कोसळला की ते पाणी दक्षिणेकडे निघतं. जमिनीला उतार इतका थोडा की पाणी धावत नाही, पसरतं. एका पात्राचे दहा फाटे होतात, दहाचे शंभर, आणि ते पुन्हा एकमेकांत मिसळतात. या गुंतागुंतीमुळेच या प्रदेशाला चॅनेल कंट्री हे नाव पडलं. पूर ऐन भरात असताना पाण्याचा पट्टा कित्येक किलोमीटर रुंद होतो आणि त्याला खाली सरकायला आठवडेच्या आठवडे लागतात.

बर्ड्सव्हिलचा पूर म्हणूनच वेगळा असतो. आकाश कोरडं, ऊन रखरखीत, आणि वरच्या गावांतून निरोप येत असतो की पाणी निघालं आहे. लोकांना तयारीला वेळ मिळतो. हॉटेलात, दुकानात माल भरून ठेवायचा, गुरं उंचवट्याकडे हलवायची, इंधनाच्या टाक्या भरून घ्यायच्या. मग एके दिवशी तांबूस मळकट पाणी भेगाळलेल्या जमिनीच्या फटींत शिरत, हळूहळू सखल भाग भरत पुढे येतं. रस्ते बंद होतात आणि गावाचं बेट होतं. काही आठवड्यांनी पाणी ओसरलं की त्या ओल्या गाळातून गवत आणि रानफुलं उगवतात, आणि वर्ष-दीड वर्ष गुरांना पुरेल एवढा चारा तयार होतो. इथल्या पशुपालनाचं सगळं गणित या एका घटनेवर आहे. स्थानिक पाऊस हा त्यातला दुय्यम भाग.

उरलेलं पाणी गॉयडर लगूनच्या दलदलीतून वॉरबर्टन नदीत आणि तिथून काटी थांडा–लेक आयर या सरोवरात जातं. हे सरोवर समुद्रसपाटीपेक्षा सुमारे 15 मीटर खाली आहे आणि बहुतेक वर्षं ते मिठाचं पांढरं मैदान असतं. समुद्राकडे वाट नसलेलं हे खोरं सुमारे 12 लाख चौरस किलोमीटरचं, म्हणजे ऑस्ट्रेलिया खंडाचा जवळजवळ सहावा हिस्सा. 1974 मध्ये सरोवर पूर्ण भरलं होतं. मोठा पूर आला की शेकडो किलोमीटरवरच्या किनाऱ्यांवरून पेलिकन पक्ष्यांचे थवे इथं विणीसाठी येतात. हे पाणी नेहमी वरदानच ठरतं असंही नाही. 2025 च्या मार्चअखेर पश्चिम क्वीन्सलँडमध्ये असा पाऊस झाला की एक लाखाहून अधिक जनावरं मेली किंवा वाहून गेली, आणि हजारो किलोमीटर कुंपणं जमीनदोस्त झाली.

दुसरं पाणी जमिनीखालचं. ग्रेट आर्टेशियन बेसिन हा भूजलाचा साठा खंडाच्या एक पंचमांशाहून अधिक भागाखाली पसरलेला आहे. 1878 पासून तिथं कूपनलिका खोदल्या जाऊ लागल्या. पाणी स्वतःच्या दाबानं उसळून वर यायचं. त्या काळी हे पाणी कधीच संपणार नाही असं मानून ते उघड्या चरांतून मैलोन्मैल सोडून दिलं गेलं. त्यातलं बहुतांश वाफ होऊन किंवा जमिनीत मुरून वाया गेलं, दाब घटला आणि कित्येक नैसर्गिक झरे आटले. शंभर वर्षांची ही उधळपट्टी निस्तरण्यासाठी 1999 पासून सरकारनं मालकांच्या साहाय्यानं कूपनलिकांची तोंडं बंद करून पाणी नळातून न्यायची मोहीम चालवली. ती यशस्वी झाली, आणि भूजल उपसणाऱ्या कोणत्याही मुलखानं अभ्यासावी अशी ती आहे. बर्ड्सव्हिलच्या कूपनलिकेतून सुमारे 1,200 मीटर खोलीवरून येणारं पाणी जवळजवळ उकळतं असतं, 98 अंशांच्या आसपास. ते आधी थंड करावं लागतं आणि मगच नळाला सोडता येतं. त्या उष्णतेवर गावात एक लहानसं वीजकेंद्रही अनेक वर्षं चाललं. 2018 मध्ये ते बंद झालं. फुकट मिळणारी उष्णता असताना केंद्र बंद करून डिझेलवरचा भार कायम ठेवणं हा निर्णय मला आजही पटत नाही.

या मुलखाचं वर्णन करताना लेखक सहजपणे ‘निर्मनुष्य’ हा शब्द वापरतात. इतिहासाच्या दृष्टीनं तो चुकीचा आहे. सिम्प्सन वाळवंटात वांगकांगुरू लोक पिढ्यान्‌पिढ्या राहत होते. वाळूच्या लांबच लांब टेकड्या, एकमेकींना समांतर, हजाराहून अधिक. त्यांच्या मधल्या सखल जागी हे लोक अरुंद खोल विहिरी राखून होते. त्यांना ते मिकिरी म्हणत. कोणती विहीर कुठे, कोणत्या ऋतूत तिला पाणी असतं, हे गाण्यांतून आणि कथांतून पुढच्या पिढीला दिलं जाई. 1886 मध्ये डेव्हिड लिंडसे हा सर्वेक्षक वाळवंटात शिरला तेव्हा वांगकांगुरू वाटाड्यानंच त्याला या विहिरी दाखवल्या. 1899-1900 च्या सुमाराला शेवटची कुटुंबं वाळवंटातून बाहेर पडून गुरांच्या वसाहतींकडे आणि मिशनकडे आली. त्यानंतर 1929 मध्ये सेसिल मॅडिगन यांनी विमानातून पाहणी करून वाळवंटाला सिम्प्सन हे नाव दिलं आणि 1936 मध्ये टेड कोल्सन यांनी उंटांवरून ते आडवं पार केलं. कोल्सनबरोबर पीटर एन्स हे मूलनिवासी सोबती होते. वाळवंट ‘सर्वप्रथम ओलांडल्याचं’ श्रेय एका नावावर लिहिलं जातं तेव्हा हे दोन्ही तपशील मागे पडतात.

पूर्वेला मिथाका लोकांच्या भूमीत पुरातत्त्वज्ञांना गेल्या काही वर्षांत दगडखाणींची प्रचंड स्थळं सापडली. दाणे दळायचे पाटे तिथं घडवले जात आणि ते शेकडो किलोमीटर दूरवर व्यापारात जात. उलट दिशेनं आणि आसपास पिटुरी हे झुडपाच्या पानांपासून बनवलेलं, निकोटिन असलेलं द्रव्य फिरत असे. म्हणजे आज जो भाग आपण जगाच्या टोकाला आहे म्हणतो, तो एका मोठ्या व्यापारजाळ्याच्या मध्यभागी होता.

गोऱ्या वसाहतकारांची गुरं इथं आली ती 1870 च्या दशकात. बर्ड्सव्हिलला तेव्हा डायमंटिना क्रॉसिंग म्हणत. गाव वाढलं ते हद्दीमुळे. 1901 मध्ये ऑस्ट्रेलियाचं संघराज्य होण्यापूर्वी प्रत्येक वसाहत वेगळी होती आणि एका वसाहतीतून दुसरीत गुरं न्यायची तर जकात भरावी लागे. गुरांचे कळप दक्षिणेच्या रेल्वेपर्यंत हाकत नेणारे लोक इथं थांबत, जकात भरत, पाणी पाजत, पितही. गावात तीन हॉटेलं होती. त्यांतलं 1884 चं दगडी बर्ड्सव्हिल हॉटेल आजही उभं आहे. संघराज्य झालं, जकात गेली आणि गाव ओसरू लागलं. इथली गुरांची स्टेशनं, म्हणजे हजारो चौरस किलोमीटरची चराऊ कुरणं, पुढं सिडनी किडमन यांच्यासारख्या बड्या मालकांच्या हाती एकवटली. किडमन यांचं तंत्र या भूगोलावरच बेतलेलं होतं. नद्यांच्या काठानं एकापाठोपाठ एक स्टेशनं ताब्यात ठेवायची, आणि जिथं पूर येऊन गवत उगवलं असेल तिकडे गुरं वळवायची.

या व्यापाराचं ओझं वाहिलं उंटांनी, आणि इथं आपल्याशी एक खरा धागा जुळतो. 1866 मध्ये थॉमस एल्डर यांनी कराचीहून सुमारे 120 उंट आणि त्यांचे उंटवाले दक्षिण ऑस्ट्रेलियातल्या पोर्ट ऑगस्टा बंदरात उतरवले. कराची तेव्हा मुंबई इलाख्यात होतं. बलुचिस्तान, सिंध, पंजाब, अफगाणिस्तान अशा निरनिराळ्या ठिकाणांहून आलेल्या या सगळ्यांना तिथं सरसकट ‘अफगाण’ म्हटलं गेलं. मारी गावात त्यांनी मातीची मशीद बांधली, खजुराची झाडं लावली, आणि बर्ड्सव्हिलपर्यंतच्या वाटेवर पीठ, साखर, तारेचं कुंपण, लोकर, पियानोसुद्धा पोचवले. 1901 नंतरच्या ‘गोऱ्या ऑस्ट्रेलिया’च्या कायद्यांनी त्यांना नागरिकत्व नाकारलं, त्यातल्या अनेकांना गावाकडच्या बायकामुलांना आणता आलं नाही. मोटार आली तशी उंटांची गरज संपली, उंट रानात सोडून दिले गेले, आणि आज त्यांचे जंगली कळप वाळवंटात फिरतात.

गुरांच्या स्टेशनांवर राबले ते मुख्यतः मूलनिवासी पुरुष आणि स्त्रिया. घोडेस्वारी, गुरं वळवणं, स्वयंपाक, मुलं सांभाळणं, सगळंच. बदल्यात पीठ, चहा, साखर, तंबाखू आणि कपडे. क्वीन्सलँडच्या 1897 च्या कायद्यानं त्यांचं स्थलांतर, लग्न आणि पैसा सरकारच्या ताब्यात दिला होता. जो काही पगार नोंदला जाई, तो सरकारी खात्यात अडकून राही. 1966 च्या समान वेतनाच्या निर्णयाची अंमलबजावणी 1968 च्या अखेरीस झाली, तेव्हा बऱ्याच मालकांनी पूर्ण पगार देण्याऐवजी कुटुंबंच्या कुटुंबं स्टेशनांवरून काढून टाकली. क्वीन्सलँड सरकारनं या ‘चोरलेल्या पगारा’पोटी 19 कोटी ऑस्ट्रेलियन डॉलरची तडजोड मान्य केली ती 2019 मध्ये. ज्यांनी राबून हा मुलूख चालवला त्यांतले बहुतेक तोवर हयात नव्हते. आउटबॅकची, म्हणजे अशा आतल्या दूरच्या मुलखाची, लोकसंख्या घटण्यामागं दुष्काळ, बाजारभाव, यंत्रं ही कारणं नेहमी सांगितली जातात. माणसं उठवली गेली हे कारण क्वचितच कुणी पहिलं मांडतं, आणि माझ्या मते ते पहिलंच मांडायला हवं.

आता सेवांकडे वळू. प्रेस्बिटेरियन धर्मोपदेशक जॉन फ्लिन यांच्या ऑस्ट्रेलियन इनलँड मिशननं 1923 मध्ये बर्ड्सव्हिलच्या जुन्या रॉयल हॉटेलात परिचारिकांचा दवाखाना सुरू केला. डॉक्टर मात्र शेकडो किलोमीटर लांब. फ्लिन यांच्याच प्रयत्नांतून 17 मे 1928 ला क्लॉनकरीहून पहिलं डॉक्टरचं विमान उडालं आणि ‘फ्लाइंग डॉक्टर’ ही सेवा जन्माला आली. पण डॉक्टरला बोलावणार कसं? तार-टेलिफोन नव्हते. आल्फ्रेड ट्रेगर या तंत्रज्ञानं 1929 मध्ये पायानं पॅडल मारून वीज निर्माण करणारा बिनतारी संच बनवला. पाय पॅडलवर, हात मोकळे, त्यामुळे एकट्या माणसालाही संदेश पाठवता येई. स्टेशनांवरच्या बायकांना त्यामुळं डॉक्टरबरोबर शेजारीणही मिळाली. ठरलेल्या वेळी त्या रेडिओवर गप्पा मारत. कलकलाट करणाऱ्या गॅला पोपटांवरून त्या वेळेला ‘गॅला सेशन’ म्हणत.

या सेवेतली सर्वांत कल्पक गोष्ट मला औषधांची पेटी वाटते. 1942 पासून दूरच्या वस्त्यांवर एक ठरावीक पेटी ठेवली जाऊ लागली. तिच्यातल्या प्रत्येक औषधाला नंबर. सोबत माणसाच्या शरीराचं चित्र, त्यावरही प्रत्येक भागाला नंबर. मुलाचं पोट दुखतंय असं सांगताना आई त्या चित्रावरचा नेमका नंबर सांगते आणि डॉक्टर पलीकडून औषधाचा नंबर सांगतो. लांबलचक औषधी नावं वाचण्यात, उच्चारण्यात चूक होण्याचा प्रश्नच येत नाही. अशा दोन हजारांहून अधिक पेट्या आजही देशभर वापरात आहेत.

टपालाचीही अशीच गोष्ट. टॉम क्रूज हे टपालवाले 1936 पासून दोन दशकांहून अधिक काळ मारीहून बर्ड्सव्हिलला ट्रकनं टपाल नेत होते. वाटेत वाळूत रुतणारी चाकं, पुरात तुडुंब भरलेली कूपर क्रीक नदी. तिथं होडीनं सामान पलीकडे नेऊन दुसऱ्या ट्रकमध्ये भरायचं. त्यांच्या या वाटचालीवरचा ‘द बॅक ऑफ बियाँड’ हा जॉन हायर यांचा 1954 चा माहितीपट व्हेनिसच्या महोत्सवात सर्वोच्च पारितोषिक मिळवून आला. आज टपाल विमानानं येतं. ब्रिस्बेनहून निघून आउटबॅकची गावं घेत माउंट आयझाला जाणारं हे विमान सरकारी अनुदानावर चालतं. पोलीस ठाण्यात एकच अधिकारी आणि त्याची हद्द सुमारे 2 लाख 40 हजार चौरस किलोमीटर. शाळेत मुलं मोजकी. दूरच्या स्टेशनांवरची मुलं घरूनच, पूर्वी रेडिओवर आणि आता इंटरनेटवर, शिकतात, आणि पुढच्या शिक्षणाला वसतिगृहात जातात. हे जाणं बहुधा परतीचं नसतं.

या सेवा नसत्या तर काय झालं असतं, याचं उत्तर पूर्वेला 170 किलोमीटरवर आहे. बिटूटा हेही जकातीमुळेच वाढलेलं गाव. जकात गेली, माणसं गेली. शेवटी हॉटेल चालवणारा एकच रहिवासी उरला. त्यानं 1997 मध्ये दार लावलं. 2020 मध्ये ते हॉटेल प्रवाशांसाठी पुन्हा उघडलं, पण गाव म्हणून बिटूटा संपलेलंच आहे. बर्ड्सव्हिल त्या वाटेनं गेलं नाही, कारण दवाखाना, धावपट्टी, शाळा आणि रस्त्यांची देखभाल करणारी शायरची परिषद टिकून राहिली.

पर्यटनाचा हातभारही मोठा. 1882 पासून इथं घोड्यांच्या शर्यती भरतात. सप्टेंबरात दोन दिवस हजारो माणसं येतात, हॉटेलसमोरच्या धावपट्टीवर लहान विमानांची रांग लागते, आणि उत्पन्नातला वाटा फ्लाइंग डॉक्टर सेवेला जातो. 2007 मध्ये घोड्यांच्या साथीनं, 2010 मध्ये पावसानं आणि नंतर कोविडनं शर्यती रद्द झाल्या, तेव्हा गावाच्या वर्षभराच्या कमाईला खिंडार पडलं. वर्षातल्या काही दिवसांच्या गर्दीवर गावाचं पोट अवलंबून असणं धोक्याचंच.

पण खरा धोका पाण्याला आहे. 1995 मध्ये शेजारच्या कूपर क्रीकवर विंडोरा गावाजवळ सिंचनाचा कापूस लावायची योजना आली. पशुपालक आणि शास्त्रज्ञ एकत्र उभे राहिले, कारण वर पाणी अडवलं तर खालचं पूरमैदान मरतं हे दोघांनाही ठाऊक होतं. योजना बारगळली आणि 2000 मध्ये संबंधित सरकारांनी लेक आयर खोऱ्याचा करार केला. त्यानंतर प्रश्न आला तेल-वायूचा. 2023 च्या अखेरीस क्वीन्सलँड सरकारनं या नद्यांच्या पूरमैदानांत नव्या तेल-वायू उत्पादनाला मनाई जाहीर केली. जगात न अडवलेल्या मोठ्या वाळवंटी नद्या फारच थोड्या उरल्या आहेत, आणि डायमंटिना त्यांपैकी एक आहे. ती तशीच वाहू देण्याचा निर्णय कोणत्याही सरकारच्या काळात ढिला होता कामा नये. दर माणशी खर्चाचा हिशोब मांडणाऱ्यांनी या नदीची, भूजलाची, वाळवंटातल्या राष्ट्रीय उद्यानांची राखण कोण करतं हेही त्यात धरावं. वांगकांगुरू समाजातले डॉन रोलंड्स यांनी मुंगा-थिरी राष्ट्रीय उद्यानाचे रेंजर म्हणून अनेक वर्षं हेच काम केलं. तिथं राहणाऱ्या माणसांवाचून ते काम होणारं नाही. त्यामुळे बर्ड्सव्हिलवर होणारा सार्वजनिक खर्च मला पूर्णपणे योग्य वाटतो.

ब्रिस्बेन, ॲडलेड, मेलबर्नमध्ये आज मराठी माणसं मोठ्या संख्येनं आहेत. त्यांच्यापैकी कुणी तिकडे निघालं तर एप्रिल ते सप्टेंबर याच काळात जावं. सिम्प्सनची उद्यानं 1 डिसेंबर ते 15 मार्च बंदच असतात. वांगकांगुरू लोकांनी जिथं जाऊ नका म्हटलं आहे तिथं जाऊ नये. पाणी गरजेच्या दुप्पट घ्यावं. आणि गाडी बंद पडली तर काहीही झालं तरी ती सोडून चालत निघू नये. 1963 च्या डिसेंबरात बर्ड्सव्हिलच्या वाटेवर एका कुटुंबातली पाच माणसं तशी निघाली आणि तहानेनं मेली.